बाबांच्या पेशी थकत नाहीत

३ फेब्रुवारी
आजपासून नोंदी ठेवणार. मोठा शोध लागला की लोक विचारतात, सुरुवात कशी झाली. तर अशी झाली: ताईकडे जाऊन बाबांच्या डाव्या हाताच्या कातडीचा चार मिलिमीटरचा तुकडा काढला. संस्थेच्या नैतिकता कमिटीची परवानगी यायला सहा महिने लागतात आणि बाबा ब्याऐंशीचे. थांबायचं कोणी? मीही डॉक्टरच आहे, पीएचडीचा असलो म्हणून काय झालं. बाबांनी हूं की चूं केलं नाही. ताईने तोंड वाकडं केलं. शाळेत मुलांना भूगोल शिकवते, मला स्वच्छता शिकवायला निघाली.
संकल्प: दर रविवारी बाबांना भेटणे.

२० फेब्रुवारी
पेशी प्रयोगशाळेतल्या बशीत छान रुजल्या. म्हाताऱ्या पेशी ठरावीक वेळा दुभंगतात आणि मग थकून बसतात, असं पुस्तकात लिहिलंय. माझं सतरा नंबरचं रसायन त्यांना पुन्हा उठवेल, असं मी अकरा वर्षं म्हणतोय. संचालक म्हणतात, दाखवा. दाखवतो.
ताईचा फोन. जखम अजून ओली आहे म्हणे. सांगितलं, या वयात वेळ लागतो, माझा विषयच तो आहे. तिला विज्ञानात रस नाही.
दोन्ही रविवार हुकले. पेशींना सुट्टी नसते.

१४ मार्च
शंकासुराने पुन्हा पोथी लावली. (शंकासुर म्हणजे आमचा टेक्निशियन. खरं नाव वेगळं आहे, पण हेच शोभतं.) शेजारच्या शेल्फवरच्या कॅन्सरच्या पेशींना आणि बाकीच्यांना खाऊ घालायची बाटली वेगवेगळी ठेवा, त्या एका थेंबातून येतात आणि घर बळकावतात, वगैरे. मी पेशी हाताळायला लागलो तेव्हा हा शाळेत असेल. दुपारी मीटिंग होती, घाई होती, एकच बाटली उघडी होती. तीच दोघांना वापरली. आभाळ कोसळलं नाही.

२ मे
आज डोळ्यांत पाणी आलं. पेशी थकत चालल्या होत्या, त्या दुपटीने वाढतायत. आधी लांबट, मरगळलेल्या होत्या. आता गोल गुटगुटीत. सतरा नंबर!
शंकासुर मायक्रोस्कोपला बराच वेळ डोळा लावून बसला. म्हणाला, या कुठेतरी पाहिल्यासारख्या वाटतात. मी म्हणालो, तुम्ही बाबांना एकदा भेटलायत, चेहरेपट्टी असेल. तो हसला नाही. विनोदबुद्धी नावाला नाही.

११ जून
संचालक स्वतः माझ्या खोलीत आले, खुर्ची ओढून बसले. अकरा वर्षांत पहिल्यांदा. लेख तातडीने पाठवायचा, परिषदेत माझं भाषण.
ताईचा फोन. जखमेत पू झालाय, बाबांना ताप आहे. त्यांचे डॉक्टर म्हणतात, साखर आहे, वय आहे, प्रतिकारशक्ती उरली नाही. प्रतिकारशक्तीवरचा माझा जुना लेख ताईला पाठवला. उत्तर नाही. लोकांना आयतं ज्ञान नको असतं.
संकल्प: भाषण झालं की लगेच बाबांकडे.

९ जुलै
भाषण उत्तम झालं. बाबांकडे जायचं राहिलं, पाहुणे होते.
शंकासुर म्हणतो, पेशींची डीएनए ओळख तपासून घ्या. बाबांच्या गालातला नमुना आणि बशीतल्या पेशी जुळवायच्या, आठवड्याचं काम. माझ्या बापाच्या पेशी मला ओळखता येत नाहीत का? तीन वेळा नाही म्हणालो.

२४ जुलै
लेखाच्या परीक्षकांनीही तेच मागितलंय. शंकासुर फितूर असणार. ठीक आहे, करू. दूध का दूध होईल.
गालाचा नमुना ताईनेच घेऊन पाठवला, मला जाणं शक्य नव्हतं. पाकिटावर तिने लिहिलं होतं: बाबा विचारतात, पेशी बऱ्या आहेत का.

५ ऑगस्ट
रिपोर्ट आला. बशीतल्या पेशी बाबांच्या नाहीत. पुरुषाच्याही नाहीत. शेजारच्या शेल्फवरच्या कॅन्सरच्या आहेत. शंकासुराने कागद टेबलावर ठेवला आणि एक शब्द न बोलता गेला. बोलला असता तर बरं झालं असतं.
बाबांच्या पेशी एप्रिलमध्येच मेल्या असाव्यात. सुरुवातीच्या काही गोठवून ठेवायच्या होत्या, तेही राहिलं. अर्थात सतरा नंबर खोटं ठरलेलं नाही. त्याची परीक्षाच झालेली नाही. नवा नमुना घेतला की प्रश्न मिटला.
संचालकांना सोमवारी सांगेन.
संकल्प: उद्या बाबांकडे. नक्की.

६ ऑगस्ट
गेलो. सहा महिन्यांनी. कातडीचा तुकडा काढायचं पंच खिशात होतं.
बाबांच्या हाताला कोपरापर्यंत पट्टी. फोनवर मला वाटलं होतं, ताई वाढवून सांगते. तिने पट्टी सोडली. मी चार मिलिमीटर कापलं होतं, तिथे आता माझा अंगठा मावेल. कडा काळ्या पडल्यायत. ताई म्हणाली, पुढच्या आठवड्यात हाताबद्दल ठरवणार आहेत. काय ठरवणार, ते मी विचारलं नाही. लाज वाटली.
बाबांना सांगितलं, बशीत वाढत होत्या त्या पेशी तुमच्या नव्हत्या, माझ्या हातून चूक झाली. त्यांनी उजव्या हाताची बाही वर केली.
"हा अजून चांगला आहे. घे."
मी पंच बाहेर काढलं नाही. ताईला म्हणालो, पट्टी मी बांधतो. तिने रोल हातात दिला. दोनदा बांधली, दोनदा सुटली. तिसऱ्यांदा बाबा कळवळले. मग ताईनेच बांधली आणि मी कात्री धरून उभा राहिलो.