मंगळवारचा टँकर

देविदासराव,

लातूर नवा जिल्हा झाला, माझा पत्ता बदलला. तुमचा “पाऊस पडला की लग्न करू” हा वायदा तेवढा जुनाच राहिला. या दुष्काळात तुमच्या डाळमिलचा टँकर दर मंगळवारी माझ्या दारी येतो. कधीतरी तुम्हीही याल, म्हणून मी एक तांब्या भरून झाकून ठेवते.

आज ड्रायव्हर ज्ञानोबा म्हणाला, “बाई, लौकर भरा. अजून दोघीजणी वाट बघायल्यात. त्यांचंबी लगीन पावसानंतरच हाय.”

“मालकाला लई तहान हाय की!” मी म्हटलं, आणि हंडा पुढं केला. तुमचा तांब्या सोडला तर घरात थेंब नव्हता.

हे पत्र धाडलं तर पुढच्या मंगळवारी टँकर येणार नाही. म्हणून तेही पाऊस पडल्यावरच टाकीन.

तुमच्या तिघींतली एक,
कावेरी