पाण्याखालच्या गावाची मेढ

आज सकाळी म्हशीची धार काढून मी आंघोळ केली, देवापुढे दिवा लावला आणि आईच्या उशाखालची मेढ काढून ओल्या फडक्याने पुसली. ती हातात घेऊन अंगणातून शेजारच्या सावळारामदादाच्या दाराकडे बराच वेळ पाहिलं. मग आत येऊन हे लिहायला घेतलं.

मी, सिद्धनाथ गेनबा खुटवड, वय एकोणपन्नास, धंदा शेती, राहणार आंबवड्याजवळची धरणग्रस्तांची वसाहत, तालुका भोर, जिल्हा पुणे, सावध मनाने आणि कुणाच्या सांगण्यावरून नव्हे, तर स्वतःहून लिहून ठेवतो. येत्या मंगळवारी पुण्यात माझ्या हृदयाचं ऑपरेशन आहे. देव पाठीशी आहे, तरी मागचं नीट लावून जावं.

१. घर आणि जमीन मुलगा गोरख व मुलगी धनश्री यांना निम्मी निम्मी. लग्न झालेल्या मुलीला कशाला, असं भावकीत कुणी विचारलं तर हे कलम मोठ्याने वाचावं. म्हैस आईची आहे, ती मला वाटता येत नाही.

२. माझी पत्नी कै. सुलक्षणा हिची मोटार वायंडिंगची हत्यारं धनश्रीला. सुलक्षणा हे काम कापूरहोळला तिच्या वडिलांच्या दुकानात शिकली. जळलेली मोटार ती वासावरून ओळखायची. तिच्यासारखे हात मी दुसरे पाहिले नाहीत.

३. मेढ. खळ्याच्या मधोमध रोवलेल्या खांबाला आमच्याकडे मेढ म्हणतात. मळणीचे बैल तिच्याभोवती फिरतात, पण भरकटत नाहीत. सुलक्षणाने तांब्याची वाटी, बारीक तार आणि एक दातेरी चाक घेऊन स्वप्नासाठी तशी मेढ केली. ती उशाखाली ठेवली की स्वप्न जागचं हलत नाही. मनात धरून चाक फिरवावं तशी त्यात भिंत उभी राहते, झाड येतं, वाट वळते. आणि एकाने घडवलेलं पुढच्याला तसंच सापडतं.

तिने ती माझ्या आईसाठी केली. आईची, अंबूबाईची, नजर गेली आहे आणि तिचं गाव धरणाखाली आहे. मेढ उशाशी असली की तिला दोन्ही परत मिळतात. सकाळी ती सांगते, "आज चिंचंखालून गेले बाई. सावली लई गार हुती." हे ऐकलं की मी मनात सुलक्षणाला हात जोडतो.

अट एकच. आई झोपण्याआधी जुनं गाव डोळ्यांनी पाहिलेल्या दुसऱ्या माणसाने मेढ तळहातात धरून तिला ऊब द्यावी लागते. गोरख, धनश्री इथे वसाहतीत जन्मले. त्यांच्या हातात ती थंडच राहते. गोरख म्हणतो, "आप्पा, पुण्यात न्हेऊन दाखवू, नाव हुईल." नाव सुलक्षणाचं झालं तर मला आनंदच आहे. पण पुण्यात ऊब कोण देणार?

४. बांध. माझा चुलतभाऊ सावळाराम मध्येमध्ये आमच्याकडे मेढ घेऊन झोपायचा. एकदा मी स्वप्नात शेतावर गेलो तर आमच्या दोघांमधला बांध हातभर माझ्या बाजूला सरकलेला. मी परत सरकवला. त्याने पुन्हा सरकवला. शेवटी भर अंगणात भांडण झालं.

"पाण्याखालच्या बांधासाठी नरड्याला येतोस व्हय रं?"

"मग हालवलास कशाला? मासं पेरायचं हुतं का?"

आई आतून ओरडली, "आरं मुडद्यांनू, धरणानं न्हेलं ते काय वाटून घेताय!"

वर्षभर आम्ही बोललो नाही. बांध आता त्याने ठेवला तिथेच राहू द्यावा. तो चुकीच्या जागी आहे, एवढं मात्र इथे नोंदवून ठेवतो.

५. परवा सकाळी आई म्हणाली, "सिद्धू, आपल्या उंबऱ्याखाली पायरी कुणी बसवली? आज उंबरा चढताना गुडघा दुखला न्हाई." मी बसवली नव्हती. माझ्या मनातही आलं नव्हतं. मग कळलं, मी तपासणीला पुण्याला गेलो त्या दिवशी दादा दुपारी इथे झोपून गेला होता. बांध लाटणाऱ्या माणसाने आईचा उंबरा पाहिला होता.

एवढं लिहून मी उठलो आणि मेढ घेऊन त्याच्याकडे गेलो. त्याने लगेच हात पुढे केले नाहीत. आधी हातपाय धुतले.

"काकूला इचारलंस?"

"तिनंच तुझं नाव घेतलं."

त्याने मेढ तळहातात धरली. थोड्या वेळाने म्हणाला, "तापली रं." मी हात लावून पाहिला. तापली होती.

६. म्हणून मेढ या मृत्युपत्राने कुणाला देत नाही. ती आज माझ्या हाताने सावळारामदादाला दिली आहे; रोज रात्री आईसाठी तिला ऊब तोच देईल. ती परत मागण्याचा हक्क मला किंवा माझ्या वारसांना नाही. ऑपरेशनहून मी सुखरूप घरी आलो, तरीही नाही.

वाचून पाहिलं, बरोबर आहे, म्हणून साक्षीदारांसमोर सही करतो.

सिद्धनाथ गेनबा खुटवड

साक्षीदार:
१. भीमा तुकाराम पारठे
२. नूतन रामदास शेडगे

ठिकाण: आंबवडे, ता. भोर
दिनांक: १५ मे २०२५