दहा टायर आणि बारा शब्द

सोमवार, ३ नोव्हेंबर

शनिवारचं तिकीट वीस डॉलरचं. मला ते एकतीसला पडलं. वीस तिकिटाचे. एक, फोनमधल्या पाकिटातून सट्ट्याच्या साईटवर नाणी पाठवायचं शुल्क. एक नेटचा. तीन, सनमोला टीव्हीवर सामने दाखवतो त्या मॅचघरातल्या बाकाचे आणि चौघांना पाजलेल्या माल्टच्या बाटल्यांचे — जिंकणारा माणूस एकटा पीत नाही, आणि मी तर तेव्हा जिंकत होतो. उरलेले सहा कुठे दिसत नाहीत: दोन ट्रकवाले पंक्चर घेऊन आले, दुकानात मी नाही बघून रस्त्यापलीकडे गेले.

दहा सामन्यांची साखळी होती. नऊ बरोबर आले. दहावा कुठल्यातरी डच गावातला, नाव धड उच्चारताही येत नाही. बरोबरीत सुटला. हातात शून्य.

हेच कळत नाही. दहातले नऊ टायर नीट बसवणाऱ्याला मी पगार देतो. इथे नऊ ओळखणाऱ्याला काहीच का नाही?

कशासाठी चाललंय ते एकदा लिहून ठेवतो, म्हणजे उद्या स्वतःशी खोटं बोलता येणार नाही. दुकानाखालची जागा अल्हाजा रिस्कात यांची. म्हातारी आता इलोरिनला लेकीकडे निघाली. साठ लाख नायरा मागते, म्हणजे आजच्या भावाने चार हजार डॉलर. शुक्रवार २१ तारखेपर्यंत पहिला हक्क माझा, मग शेजारचा सिमेंटवाला टपलेलाच आहे. सतरा वर्षांपूर्वी याच जागेवर हातपंप, पाण्याचं टब आणि बसायला उलटी बादली घेऊन सुरुवात केली. आज कंप्रेसर आहे, चार माणसं आहेत. जागा गेली की परत बादली.

माझ्याकडे तीन हजार चारशे आहेत. नायरात ठेवले असते तर निम्मे उरले नसते, म्हणून डॉलरच्या नाण्यांत, फोनमध्ये. सहाशे कमी.

मंगळवार, ४

बायकोने आज पुन्हा विषय काढला. "ते बारा शब्द कुठे लिहून ठेवलेत, बाबा इबेजी?" जुळी झाल्यापासून ती मला याच नावाने हाक मारते, आमचा अख्खा इवो रोडही.

फोन गेला तरी ते बारा इंग्रजी शब्द ओळीने सांगितले की पाकीट दुसऱ्या फोनवर उघडतं. ज्याच्याकडे शब्द, त्याचे पैसे. म्हणून मी ते कुठेच लिहिलेले नाहीत. या वहीतही नाही, जुळी एवढी मोठी झाली तरी वही चोरून वाचतात.

"तोंडात आहेत," म्हटलं. "माझ्या आजीने घराण्याची ओरिकी, सात पिढ्यांची स्तुती, एकही नाव न चुकवता तोंडात वागवली. तिच्या नातवाला बारा शब्द जड? तोंडाला कुलूप लागत नाही आणि चोरही लागत नाही."

बायको म्हणाली, "आजी सात पिढ्यांबरोबर सट्टा नव्हती खेळत."

तिचं माहेर बोलण्यात कुणाला हार जात नाही. पण रोज सकाळी कंप्रेसर सुरू करताना मी त्या शब्दांची ओरिकी म्हणतो. सतरा वर्षांत टायरचं एक माप विसरलेलो नाही.

गुरुवार, ६

सकाळी कंप्रेसरच्या ठेक्यावर शब्द फार छान बसले. मध्ये एका जागी लय अडखळायची, ती आज सरळ झाली.

शनिवार, ८

सनमोला दर शनिवारी फळ्यावर खडूने कोड लिहितो. तो फोनवर टाकला की त्याची सगळी साखळी आपल्या तिकिटावर येते. आज पंचवीसेक जणांनी टाकला, मीही, आठवड्याच्या कमाईतले दहा डॉलर लावून. मला धीर वाटत होता. एवढी माणसं एका बाजूला आहेत, सगळी कशी बुडतील?

एका स्पॅनिश गोलरक्षकाच्या हातातून चेंडू सुटला. पंचवीस तिकिटं एका क्षणात मेली. मग मागून कमोरु फिटर म्हणाला, "बरं झालं. एकट्याचं गेलं असतं तर घरी तोंड दाखवता आलं नसतं."

सगळे हसले. मीही हसलो. घरी येईपर्यंत आपण कशाला हसलो तेच कळेना.

रविवार, ९

इदोवू आली होती. जुळ्यांच्या पाठची लेक, शाळेत गणित शिकवते. तिला सगळं सांगितलं. सहाशेचंही. रागावेल वाटलं होतं, तर वहीचं पान मागितलं.

"बाबा, जुन्या टायरचं सांगा. इथून लागोसपर्यंत न फुटता जाईल, अशी खात्री किती?"

"बऱ्यापैकी असला तर चारातले तीन जातात."

"असले दहा टायर एका ट्रकला लावले. दहाच्या दहा न फुटता पोचायचे. शंभर ट्रक सोडले तर किती पोचतील?"

मी म्हटलं साठ-सत्तर. तिने पाऊण गुणिले पाऊण असं दहा वेळा केलं. माझ्या समोर केलं, हातचलाखी नाही. शंभरातले साडेपाच ट्रक.

"आणि स्टेपनी?" मी विचारलं.

"साखळीत स्टेपनी नसते."

"स्टेपनीशिवाय ट्रक लागोसला सोडेल तो वेडा!"

"मग काल कोण सोडत होतं?"

आईवर गेली आहे.

पुढचं मला नीट समजलं की नाही सांगता येत नाही, म्हणून जसंच्या तसं उतरवतो. साईट प्रत्येक सामन्यावर एकाला एक पूर्णांक अठ्ठावीस देते. चारातले तीन जिंकले तर शंभरावर शहाण्णव परत येतात, चार साईटचे. ठीक, दुकान चालवायला चार घ्यावेतच, मीही घेतो. पण साखळीत ते चार एकदा कापत नाहीत. पहिल्या सामन्यावर कापतात, उरलेल्यावर दुसऱ्यात, त्याच्या उरलेल्यावर तिसऱ्यात. दहा सामन्यांनंतर शंभराचे सहासष्ट. मी विचारलं, मग एकेकटा सामना लावला तर? म्हणाली, "तरी बुडाल, पण सावकाश. तेवढ्यात वय वाढेल, अक्कल येईल."

नऊ बरोबर येऊन शून्य का, हे आता कळतंय. नऊ टायर शाबूत असलेला ट्रकही रस्त्याच्या कडेलाच उभा असतो. असे मीच रोज बघतो. इतकी वर्षं त्यांच्यावरच जेवलो!

सोमवार, १०

कळलं होतं ते सकाळी पुन्हा निसटलं. साडेपाच ट्रक म्हणजे काय? अर्धा ट्रक कुठे पोचतो?

बुधवार, १२

सगळाच घोळ झाला. सनमोला जिंकला! आठ सामन्यांची साखळी, तीनशे डॉलर. मॅचघरासमोर भोंगा लावला, बकरा आणला. मला मिठी मारून म्हणाला, "बाबा इबेजी, तुमची मास्तरीण गणित शिकवते, मी पैसे शिकवतो. नऊवर थांबणाऱ्यातले तुम्ही नाही, अजून एकदाच हिंमत करा."

गणित म्हणतं नाही, बकरा म्हणतो हो. बकऱ्याला वास येतो, गणिताला येत नाही.

इदोवूला फोन लावला. ती म्हणाली, "जिंकलेला भोंगा लावतो. हरलेले काय लावतात?"

गुरुवार, १३

हरलेले काहीच लावत नाहीत. पण टायर बदलेपर्यंत माणसाला बाकावर बसावं लागतं आणि बसलेला माणूस बोलतो. आज मी फक्त कान उघडे ठेवले. संध्याकाळपर्यंत अकरा जण त्याच सट्ट्याबद्दल बोलले. एकाने मोटरसायकल विकली होती, टायर बदलायला भावाची आणली होती. अकरांत जिंकलेला एक, तोही मागच्या वर्षी.

आणि सनमोलाचं ऐका. साईटने तीनशे दिले ते डॉलरच्या नाण्यात नाहीत, स्वतःच्याच कसल्याशा नाण्यात, जास्तीचा बोनस म्हणून. विकायला तीन दिवस बंदी. आज त्याचे एकशे नव्वद झालेत, उद्या किती ते कुणालाच माहीत नाही. बकरा मात्र नायरात घेतला होता. हे तो बाकावरच्या माणसाशी हळू आवाजात बोलला, कंप्रेसर चालू असताना. त्याला वाटलं मला ऐकू येणार नाही.

शनिवार, १५

तरीही दुपारी तिकीट भरलं. लपवत नाही. दहा सामने, पन्नास डॉलर, आले तर पाचशे नव्वद. लावलेले पन्नास धरून साठ कमी पडले असते, ते कुणीही दिले असते. अंगठा बटणावर होता.

तेवढ्यात कमोरु एक टायर ढकलत आला. दोरे बाहेर आलेले. "लागोसला जायचंय, चालेल ना?" मी म्हटलं, "चालेल. पोचेल की नाही ते वेगळं." स्वतःचंच वाक्य ऐकलं आणि फोन खिशात ठेवला.

संध्याकाळी निकाल बघितले. सातच बरोबर. पुन्हा मोजले, तरी सातच. न लावलेल्या पैशासाठी कशाला मोजतो मी?

रविवार, १६

जे पंधरा दिवसांपूर्वीच करायचं होतं ते आज केलं. अल्हाजाकडे गेलो आणि खरं सांगितलं: तीन हजार चारशे आहेत, सहाशे नाहीत.

म्हातारीने कोला नटाचा कडू तुकडा तोंडात टाकला. मग म्हणाली, "एवढा बोलका तू, आणि हे विचारायला पंधरा दिवस लावलेस? माझ्या पुतण्याच्या तीन बस आहेत ना?"

"आहेत की. टायर बघून रडू येतं."

"मग तुझ्या सहाशेचे त्याला टायर दे. वर्षभरात. नवे हां. तू सिमेंटवाल्याकडे बघतोस तसा संशयाने माझ्याकडे बघू नकोस. शुक्रवारी पैसे आण, कागद तयार ठेवते. शुक्रवार म्हणजे शुक्रवार. शनिवारी मी इलोरिनच्या गाडीत असेन."

दोन चहा आणि एक होकार. या तिकिटाचा खर्च शून्य.

सोमवार, १७

बायकोने आज वाटलेल्या चवळीचं मोई मोई केलं, सणाला करते तसं, पानात बांधून. इदोवूला फोनवर सांगितलं. ती म्हणाली, "आता नाणी विकून बँकेत ठेवा." म्हटलं, गुरुवारी विकतो, चार दिवसांत नायरा आणखी पडला तर? सट्टा सोडला म्हणून अक्कल सोडलेली नाही.

बुधवार, १९

ट्यूब टबात बुडवून बुडबुडे बघत होतो. वाकलो, आणि शर्टाच्या खिशातला फोन पाण्यात. सरळ तळाला.

दुकानातली चौघं जागीच थिजली. मी हसलो. तांदळात ठेवला, उन्हात ठेवला, उठला नाही. नाही तर नाही. फोन म्हणजे डबा, माल माझ्या तोंडात आहे. घरी बायकोला म्हटलं, बघ, कागदावर असते तर कागदही खिशातच असता!

उद्या नवा फोन. इदोवू शाळेतून येणार आहे, भराभर टाइप करते. परवा जागा आपली.

गुरुवार, २०

इदोवू नवा फोन घेऊन बसली, मी कंप्रेसर सुरू केला. त्याशिवाय शब्द येत नाहीत. शब्द म्हणून झाल्यावर ती म्हणाली, पुन्हा म्हणा. पुन्हा म्हटलं. बायको दारातून म्हणाली, "हे रोज थोडं वेगळं असतं. मला वाटायचं ओरिकीच आहे, वाढवत असतील."

इदोवूने बोटांवर मोजलं. तेरा शब्द झाले.