मार्तंडरावांना टाकलेलं खोटं कार्ड

बदनापूर, वैशाख शुद्ध पंचमी, शके १८६६

प्रिय वेणू वन्सं, श्रीराम तुम्हाला बळ देवो.

तुम्ही रजेवर आल्तात तेव्हा अंगणात तुमच्या डोक्याला कावळा शिवला. सासूबाई म्हणाल्या, "द्वारके, वेणू गेली असं आत्याबाईंना कळव. कोणी खरं रडलं की अरिष्ट टळतं." तुम्ही हसलात, "आई, लढाईतले जखमी सांभाळते मी, कावळ्याला भिऊ?"

मी ते कार्ड आत्याबाईंना न्हाई टाकलं. मुंबईला, तुमच्याच दवाखान्यातल्या मार्तंडरावांना टाकलं. तुमचं दोघांचं घरात मला एकटीलाच ठाऊक. त्यांच्याइतकं खरं कोण रडणार? दुसऱ्या दिवशी खरं कळवायचं असतं, पण मी जांबला रामाच्या दर्शनाला गेले आणि ते राहूनच गेलं.

मंग मुंबईच्या गोदीत स्फोट झाला. जखमींना उचलायला गेलेले मार्तंडराव परत आले न्हाईत. बातमी आली तशी तुम्ही माझ्या गळ्यात पडून रडलात आणि मुंबईला परत कामावर गेलात. मला एकच टोचत होतं: माझ्या कार्डानं तुम्ही वारलात असं समजून त्यांनी जीव तर झोकला न्हाई?

आज त्यांचं कार्ड आलं. स्फोटाच्या आदल्या दिवशी लिहिलेलं, लढाईपायी सरकार टपाल तपासतं त्या सेन्सॉरात अडकलेलं. "वहिनी, तासभर रडलो. मंग ध्यानात आलं, मी पण तुमच्याच मुलखातला, जाफराबादचा. कावळा शिवला ना? वेणूला म्हणावं, रडणं बराबर झालं, आता जल्दी ये."

वन्सं, रामापुढं बसून मोकळी रडले.

माझी भीती तुमच्या माथी कशाला? हे पत्र पोथीत ठेवते. त्यांचं कार्ड तेवढं तुम्हाला पाठवते.

तुमची,
द्वारका वहिनी