दुधातला दीर्घ

३ जून
ती. स्व. ताईस, सा. न. वि. वि.

डॉक्टर म्हणाले, आईचा विसरभोळेपणा आता नुसत्या वयाचा नाही, आजाराचा आहे. एकटी राहते, तर घरभर सूचना लावा. मी चिठ्ठ्या चिकटवल्या. शेगडीवर लिहिलं, ‘दुध तापलं की गॅस बंद कर.’ काल बघते तर लाल शाईने ‘दु’चा ‘दू’ केलेला! चाळीस वर्षं छापखान्यात मुद्रितं तपासलेला हात तो, गप्प बसतोय होय! चिठ्ठीच पाठवतेय, हस पोटभर.

लोभ पातळ होऊ देऊ नकोस.
तुझी चिमी

११ जून
चि. चिमीस, अनेक आशीर्वाद.

चिठ्ठी ऑफिसात सगळ्यांना दाखवली. तुझ्या शुद्धलेखनापुढे आईने शाळेपासून हात टेकलेत! पण बघ, ज्याला ऱ्हस्व-दीर्घ कळतं ते डोकं शाबूत आहे. तिला हलवायचा घाट घालू नकोस. तिच्या घरात, तिच्या खुर्चीत राहू दे. मीही लवकरच येते.

रागावलीस तरी माया राहू दे.
तुझी ताई

२० जून
ती. स्व. ताईस, सा. न. वि. वि.

तुला अर्धंच कळवलं होतं. त्या चिठ्ठीखाली पातेल्याचा कोळसा झाला होता. मी ते घासलं आणि गप्प बसले. कळवलं असतं तर तू म्हणाली असतीस, तुझ्याकडे ने. तेच मला टाळायचं होतं.

काल पुन्हा तसंच झालं. धूर बघून शेजारच्या शिंपीणबाईंनी दार फोडायला लावलं. आई सुखरूप आहे. टेबलाशी बसून तुझी जुनी पत्रं तपासत होती. धुराचं विचारलं तर म्हणाली, छपाईचं यंत्र तापलं असेल, कारागिराला बोलवा. प्रत्येक पत्रात तुझ्या ‘लवकरच येते’भोवती लाल गोल आहे. समासात लिहिलंय, ‘पुनरुक्ती. वगळावे.’

लोभ कुठल्या तोंडाने मागू?
चिमी

२४ जून
चि. चिमीस, आशीर्वाद.

डोकं शाबूत असल्याचा दाखला मलाच हवा होता गं. मिळाला, की मी सुटले. तू पातेलं लपवलंस, मी चिठ्ठी मिरवली.

आता ती एकटी राहणार नाही. महिन्याची रजा टाकलीय, शनिवारी सकाळच्या गाडीने येतेय. पुढचं तिला समोर बसवून ठरवू. तोवर तू तिथेच राहा.

हे पत्र तिला वाचायला दे. ‘लवकर’ मी आधीच वगळलंय. शनिवारी तिघींपुरतं दुध घेऊन ठेव. मुद्दाम ऱ्हस्व लिहिलंय, तिला काहीतरी सापडू दे.

दोघींचा लोभ असू द्या, मी कमावला नसला तरी.
ताई