तोंडात खिळे धरणारी मंडळी

कोबे, रविवार

तीर्थस्वरूप विश्वनाथराव यांस, धाकट्या मेहुण्याचा कोपयुक्त नमस्कार.

कोपाचं कारण मेतकूट. आपण दोरा न बांधता पाठवलेली पुडी पार्सल उघडताच फुटली आणि माझ्या एकुलत्या कोटाने ती भक्षण केली. ट्रेनमध्ये आता माझ्या शेजारची जागा रिकामी राहते. (आधीही राहायची, पण आता निदान कारण आहे.)

मातोश्रींचा गुडघा पर्वती चढू लागला असं कळलं. परमानंद. त्याच गुडघ्याच्या शुश्रूषेसाठी आपल्या भगिनी दिवाळीत महिनाभरासाठी तिकडे आल्या. आता होळीही झाली. (हा उल्लेख केवळ पंचांगापुरता.)

माझं बरं चाललंय. विद्यापीठात संस्कृतला विद्यार्थी तीन, तिघेही मितभाषी. घरी राइस कुकर आहे. भात झाला की जपानीत कळवतो, पुढे विषय वाढवत नाही. म्हणून मी टेकडीवरच्या देवळात जाऊ लागलो. तिथलं झाडाच्या सालींचं छप्पर जुन्याच पद्धतीने नव्याने शाकारताहेत. कारागीर बांबूचे बारीक खिळे मूठभर तोंडात धरतात, जिभेने एकेक पुढे सरकवतात आणि साल ठोकतात. दिवसभर तोंड भरलेलं! असे श्रोते मला उभ्या हयातीत लाभले नव्हते. रोज परांचीवर चढून मी त्यांना समासांपासून आपल्या घोरण्यापर्यंत सगळं ऐकवलं, अर्धं जपानीत, अर्धं मराठीत. ते ‘हं’ म्हणत. (हुंकार म्हणजे अनुमोदन, असं मी धरून चाललो.)

परवा त्यांचे मुख्य कारागीर मोरितासान यांनी माझ्यापुढे खिळ्यांची मूठ धरली. बहुमान समजून मी ते तोंडात घेतले. एक जिभेला टोचला, एक गिळता गिळता राहिला, आणि उरलेल्यांनी मला गप्प केलं. जे आपल्यालाही कधी जमलं नाही. मग मोरितासानांनी स्वतःचं तोंड रिकामं केलं, चहाचा घोट घेतला आणि शांतपणे विचारलं, “ओकुसान कधी परत येणार?”

ओकुसान म्हणजे बायको. म्हणजे इतके दिवस मी समासांच्या आडून सुप्रभाबद्दलच बोलत होतो, आणि ते ऐकत होते. मी ‘हं’ म्हणालो. तोंडात खिळे होते म्हणून बरं.

मातोश्रींना दंडवत, वहिनींना नमस्कार.

आपला,
अंबरीष

ता. क. हे पत्र सुप्रभाला दाखवू नये.

ता. क. दुसरा. दाखवलंत तरी चालेल.

ता. क. तिसरा. पूर्वी फोनवर घरातलं काही विचारलं की ती ‘आले की बघते’ म्हणायची. हल्ली ‘तुमचं तुम्ही ठरवा’ म्हणते. तिला एकदा विचाराल का? मला धीर होत नाही. ती परत येणार नाही, अशी भीती वाटते.