मुकं पाणी

पनवेल, चैत्र, १९५४

गोदूबाय,

तुला थोरली बहीण हाय, हे विसरलीस वाटतं. कान गेले म्हणून उरणात दार लावून रडत बसलीस, असं कळलं.

मिठागरात पाण्यावर मीठ धरायच्या दिवशी बा आपल्याला बोलू देत नसे, आठवतं? म्हणायचा, “पाण्यात मीठ दिसत नाय, तरी असतं. तसं सगळ्या आवाजांखाली, सगळ्या दिवसांखाली एक मुकं पाणी हाय. आपण त्यातलंच मीठ.”

तू आता तिथंच पोचलीस, बाय. भिऊ नको.

मी सांगते ते लिहिता लिहिता नात वेणू हसते. “आजी, तिला वाचता येत नाय. वाचून दाखवलं तर ऐकणार कशी?”

मग राहू दे पत्र. उद्या मीच येते, तुझ्याशेजारी गप्प बसायला.

तुझी,
चंद्राबाय

वेणू, मी तळलेली तांदळाच्या पिठाची गोड बोरं आजच्या एस्टीनं पुढं धाड. माझा हात तिला चवीवरनं कळतो.